गोळीचं नाव नीट वाचता आलं पाहिजे

वाचकांचे प्रश्न, जाणकारांची उत्तरं

गेल्या अंकात प्रोस्टेटच्या, म्हणजे पुरुषांच्या लघवीच्या पिशवीच्या तोंडाशी असलेल्या ग्रंथीच्या वाढीबद्दल लिहिलं होतं. त्यावर कोल्हापूर शहरातून आणि कागल, गडहिंग्लज, जयसिंगपूर भागातून पत्रं आली. बरीचशी पत्रं आजाराबद्दल नव्हती, गोळीच्या नावाबद्दल होती. चिठ्ठीवर एक नाव, पाकिटावर दुसरं, मुलानं मोबाईलवर शोधलं तर तिसरंच. म्हणून या वेळी हे पान नावांसाठीच ठेवलं आहे. प्रश्न थोडे आटोपशीर केले आहेत. वाचकांनी कळवल्याप्रमाणे त्यांची नावं छापलेली नाहीत.

प्रश्न : वडिलांचं वय ६८. डॉक्टरांनी चिठ्ठीवर ‘टॅम्सुलोसिन ०.४’ असं लिहिलं. गडहिंग्लजच्या मेडिकलमध्ये ‘युरिमॅक्स’ मिळाली. पुढच्या महिन्यात भावानं पुण्याहून ‘वेल्टॅम’ पाठवली. मोबाईलवर पाहिलं तर सगळीकडे ‘फ्लोमॅक्स’. ही औषधं वेगवेगळी आहेत का? या नावांचा अर्थ तरी काय?

उत्तर : औषध एकच आहे. टॅम्सुलोसिन हे औषधाचं स्वतःचं नाव. युरिमॅक्स, वेल्टॅम आणि फ्लोमॅक्स ही ते विकणाऱ्यांनी दिलेली नावं. उसाची जात एकच, पण गुळाच्या ढेपेवर प्रत्येक व्यापाऱ्याचा शिक्का वेगळा, तसंच हे.

औषधाचं मूळ नाव कंपनी आपल्या मर्जीनं ठरवू शकत नाही. जागतिक आरोग्य संघटना ही नावं मंजूर करते. १९५३ पासून ही पद्धत सुरू आहे. त्यात एक सोय अशी, की एकाच पद्धतीनं काम करणाऱ्या औषधांच्या नावाची शेपटी सारखी ठेवतात. टॅम्सुलोसिन, सिलोडोसिन, अल्फुझोसिन, टेराझोसिन, डॉक्साझोसिन, प्राझोसिन ही नावं एकापाठोपाठ मोठ्यानं म्हणून बघा. शेवट कानाला सारखाच लागतो. ही सगळी अल्फा ब्लॉकर गटातली भावंडं. लघवीच्या पिशवीचं तोंड आणि प्रोस्टेटमधले बारीक स्नायू आवळलेले असतात, ते सैल करणं हे त्यांचं काम. यांतली शेवटची तीन आधी रक्तदाबासाठी वापरात आली. म्हणून कुणी ‘ही तर बीपीची गोळी’ म्हणालं, तर ते अगदीच चुकीचं नसतं. टॅम्सुलोसिन मात्र मुख्यतः प्रोस्टेटच्या भागातच जोर दाखवतं. रक्तदाबावर त्याचा परिणाम कमी असतो, पण अजिबात नसतो असं नाही.

टॅम्सुलोसिनचा शोध जपानमधल्या यामानोउची कंपनीत लागला. तिथं ते १९९३ मध्ये ‘हार्नाल’ या नावानं विक्रीला आलं, अमेरिकेत १९९७ मध्ये ‘फ्लोमॅक्स’ म्हणून. ‘फ्लो’ म्हणजे प्रवाह, ‘मॅक्स’ म्हणजे जास्तीत जास्त. लघवीची धार मोठी होते, हे नावातच ऐकू यावं अशी ही जुळणी आहे. बाजारातलं नाव असंच असतं, ते आशा दाखवतं. पाकिटात काय आहे ते मात्र सांगत नाही.

त्याचं एक ठळक उदाहरण याच नावाचं आहे. अमेरिकेतल्या फ्लोमॅक्समध्ये टॅम्सुलोसिन आहे. इटलीत ‘फ्लोमॅक्स’ नावानं जे औषध मिळत होतं, त्यात मॉर्निफ्लुमेट म्हणजे सूज-वेदनेवरचं औषध होतं. स्पेलिंग तेच, उच्चार तोच, काम पार वेगळं. अमेरिकेच्या औषध प्रशासनानं २००६ मध्ये लोकांना याबाबत जाहीरपणे सावध केलं होतं. मुलगा-सून परदेशात आहेत आणि वर्षभराची औषधं तिकडून पाठवतात, अशी घरं आपल्याकडे आता कमी नाहीत. त्यांनी ब्रँडच्या नावावर औषध मागवू नये. मूळ नाव आणि मिलिग्रॅम दोन्ही लिहून पाठवावं.

तुमच्या पत्रातली काळजीची गोष्ट पुढे आहे. वडिलांकडे सध्या युरिमॅक्सच्या चार आणि वेल्टॅमच्या दहा कॅप्सूल आहेत, आणि ‘एक लघवीची, एक प्रोस्टेटची’ असं समजून ते रोज दोन्ही घेतात, असं तुम्ही लिहिलं आहे. हे आजच थांबवा. एकच औषध दोनदा जातं आहे. उठताना डोळ्यांपुढं अंधारी येणं, चक्कर येणं, तोल जाणं हे सगळं यातून होऊ शकतं, आणि ६८ व्या वर्षी बाथरूममध्ये पडून खुब्याचं हाड मोडलं तर प्रोस्टेटचा त्रास बरा म्हणायची पाळी येते. रोज एकच कॅप्सूल ठेवा, आणि झालेला प्रकार डॉक्टरांच्या कानावर घाला.

पाकीट कसं वाचायचं ते एकदा बघून ठेवा. पाकीट उलटं करा. चंदेरी बाजूवर बारीक अक्षरात घटकाचं नाव असतं : टॅम्सुलोसिन हायड्रोक्लोराइड, त्यापुढं ०.४ मिलिग्रॅम. ‘हायड्रोक्लोराइड’ पाहून घाबरू नका, तो फक्त क्षाराचा प्रकार आहे. त्याच्या आसपास ‘एमआर’, ‘एसआर’ किंवा ‘पीआर’ अशी अक्षरं दिसतील. अर्थ एकच, औषध हळूहळू सुटणारं आहे. शून्यानंतरचं टिंबही नीट बघा. टॅम्सुलोसिन ०.४ चं असतं, सिलोडोसिन ४ किंवा ८ चं. घाईत लिहिलेल्या चिठ्ठीत किंवा मोबाईलवरच्या निरोपात टिंब गळतं आणि ‘टॅम ४’ असं काहीतरी पुढं जातं. ४ मिलिग्रॅमचं टॅम्सुलोसिन नसतंच. असा निरोप आला तर फोन करून विचारा, अंदाजानं औषध घेऊ नका.

जनऔषधी केंद्रात गेलात तर तिथं ब्रँडचं नाव चालत नाही, मूळ नावच सांगावं लागतं. हे नाव पाठ असलं की तिथं अडत नाही आणि पैसेही वाचतात. मात्र दर महिन्याला पाकीट बदलत असेल, तर जुनं संपल्याशिवाय नवं डब्यात टाकू नका. दोन रंगांच्या कॅप्सूल एकत्र दिसल्या की माणूस दोन्ही घेतो.

प्रश्न : आधी साधी युरिमॅक्स होती, आता डॉक्टरांनी ‘युरिमॅक्स-डी’ दिली. दुकानात ‘एफ’ पण आहे म्हणतात. हे ‘डी’ म्हणजे डबल पॉवर का? माझ्या पित्ताच्या गोळीवरही ‘डी’ आहे. (राजारामपुरीतील वाचक)

उत्तर : ‘डी’ म्हणजे डबल नव्हे. नावामागचं अक्षर बहुधा सोबत घातलेल्या दुसऱ्या औषधाचं आद्याक्षर असतं, आणि प्रत्येक ब्रँडमध्ये ते वेगळं काही सांगतं. पित्ताच्या पॅन-डीमधला ‘डी’ डॉमपेरिडोनचा, म्हणजे मळमळीवरच्या औषधाचा. रक्तदाबाच्या टेल्मा-एचमधला ‘एच’ हायड्रोक्लोरोथायाझाइडचा. (हे लघवी वाढवणारं औषध आहे. ते रात्री घेत असाल आणि रात्रभर उठावं लागत असेल, तर सगळा दोष प्रोस्टेटला देण्याआधी डॉक्टरांना वेळ बदलून मागा.) युरिमॅक्स-डीमधला ‘डी’ ड्युटास्टेराइडचा आणि ‘एफ’ फिनास्टेराइडचा. शेपूटही प्रत्येक कंपनीचं सारखं नसतं. वेल्टॅममध्ये ड्युटास्टेराइडच्या जोडीला ‘प्लस’ म्हणतात. म्हणून अक्षरावर जाऊ नका, चंदेरी बाजूला घटक एक आहे की दोन ते मोजा.

आता या ‘स्टेराइड’ शेपटीकडे या. ऐकायला स्टेरॉइडसारखं वाटतं, आणि ‘आबांना स्टेरॉइड चालू केलं’ म्हणून घरात घबराट होते. दम्याला किंवा सांध्यांना देतात ते स्टेरॉइड हे नव्हे. टेस्टोस्टेरॉन या पुरुषी संप्रेरकापासून शरीरात डायहायड्रोटेस्टोस्टेरॉन तयार होतं, आणि त्याच्या जोरावर प्रोस्टेट वाढत जाते. ते तयार करणारं एन्झाइम ही औषधं अडवतात. त्या एन्झाइमचे दोन प्रकार आहेत. फिनास्टेराइड प्रामुख्यानं दुसऱ्या प्रकाराला अडवतं, ड्युटास्टेराइड दोन्हींना. हे सुचलं कसं, तेही सांगण्याजोगं आहे. डॉमिनिकन रिपब्लिक या कॅरिबियन देशातल्या एका गावात जन्मतः हे एन्झाइम कमी असलेली मुलं होती. १९७४ मध्ये त्यांच्यावरचा अभ्यास प्रसिद्ध झाला. मोठेपणीही त्यांची प्रोस्टेट लहानच राहिली होती. त्या धाग्यावरून फिनास्टेराइड आलं आणि १९९२ मध्ये अमेरिकेत प्रोस्टेटसाठी मंजूर झालं.

दोन औषधं एकत्र का, ते पाटाच्या पाण्यावरून लगेच कळेल. टॅम्सुलोसिन मोरीचं दार सैल करतं. पाणी लगेच वाहू लागतं, पण साचलेला गाळ तिथंच राहतो. ‘स्टेराइड’ शेपटीचं औषध तो गाळ हळूहळू कमी करतं. पहिल्याचा फरक काही दिवसांत, फार तर एक-दोन आठवड्यांत कळतो. दुसऱ्याला साधारण सहा महिने द्यावे लागतात. दोन महिन्यांत ‘काही उपयोग नाही’ म्हणून बंद करणारे फार आहेत, आणि तिथंच सगळं वाया जातं. ग्रंथी खरोखर मोठी असेल तरच या दुसऱ्या औषधाचा उपयोग. तरुणपणी ती साधारण २० ग्रॅमची असते. सोनोग्राफीत ती ३०-४० ग्रॅमच्या पुढं गेलेली दिसली की डॉक्टर या जोडीचा विचार करतात. लहान ग्रंथीला ‘डी’ देऊन फारसं काही हाती लागत नाही. म्हणून शेजारच्या अण्णांना ‘डी’नं गुण आला, तेव्हा मलाही तीच द्या, असं दुकानात म्हणू नका.

‘डी’ किंवा ‘एफ’ चालू झालं की चार गोष्टी घरात सगळ्यांना माहीत हव्यात.

पहिली पीएसएची. ही रक्ततपासणी कर्करोगाचा संशय पाहण्यासाठी करतात. या औषधांनी साधारण सहा महिन्यांत पीएसएचा आकडा निम्म्यावर येतो. कागदावर २.५ आलं आणि लॅबच्या तक्त्यात ४ पर्यंत ठीक असं छापलं असलं, तरी तो आकडा ५ धरून वाचायचा असतो. तपासणाऱ्या नव्या डॉक्टरांना गोळी चालू असल्याचं कुणी सांगितलंच नाही, तर हा दुप्पट हिशोब होणारच नाही. औषध नियमित चालू असताना खाली आलेला आकडा पुन्हा चढू लागला, तर तो मर्यादेत असला तरी दाखवायला जा. सगळ्यात चांगलं म्हणजे गोळी सुरू करण्याआधीच एकदा पीएसए करून तो कागद जपून ठेवावा.

दुसरी गरोदर बाईची. घरात सून किंवा लेक गरोदर असेल, तर फुटलेल्या, गळणाऱ्या ड्युटास्टेराइडच्या कॅप्सूलला तिनं हात लावू नये. हे औषध कातडीतून शरीरात जातं, आणि पोटातला गर्भ मुलाचा असेल तर त्याच्या बाह्य जननेंद्रियाच्या वाढीला बाधा येऊ शकते. चुकून हात लागलाच, तर लगेच साबणानं धुवावा. फिनास्टेराइडची गोळी अखंड असेल तर वरच्या लेपामुळे भीती नाही, तुकडे किंवा भुकटी केली तर आहे. आबांच्या औषधाचा डबा सूनबाई भरत असेल, तर तेवढे महिने ते काम दुसऱ्यानं घ्यावं.

तिसरी केसांची. फिनास्टेराइड १ मिलिग्रॅममध्ये टक्कल रोखायला देतात, प्रोस्टेटसाठी ५ मिलिग्रॅममध्ये. वडिलांची ५ ची गोळी ब्लेडनं कापून पोरगं केसांसाठी खातं, असे प्रकार होतात. तुकडे सारखे पडत नाहीत, आणि भुकटी घरभर होते ती वेगळीच. दोघांसाठी दोन वेगळ्या चिठ्ठ्या हव्यात.

चौथी रक्तदानाची. ड्युटास्टेराइड शरीरातून फार सावकाश जातं. शेवटच्या गोळीनंतर सहा महिने रक्तदान करू नये. फिनास्टेराइडनंतर एक महिना. तालमीच्या किंवा गणेश मंडळाच्या शिबिरात अर्ज भरताना हे औषध लिहा.

लैंगिक इच्छा कमी होणं, छाती दुखरी किंवा थोडी फुगलेली वाटणं असंही काही जणांना होतं. सांगायला लाजू नये, त्यावर पर्याय असतात.

प्रश्न : ‘प्रोस्टेट’ बरोबर की ‘प्रोस्ट्रेट’? आमच्या कट्ट्यावर यावरून पैज लागली आहे. (शाहूपुरी)

उत्तर : प्रोस्टेट. मधला ‘र’ आपण उगाच घुसवतो. ‘प्रोस्ट्रेट’ हा इंग्रजीतला वेगळा शब्द आहे, त्याचा अर्थ पालथा पडलेला. प्रोस्टेट हा मूळ ग्रीक शब्द, पुढं उभा असलेला असा त्याचा अर्थ. पिशवीच्या तोंडापुढं ही ग्रंथी बसलेली असते म्हणून. मराठीत ‘पुरःस्थ ग्रंथी’ म्हणतात, तिथंही अर्थ तोच : पुढे असलेली. ‘अष्ठीला ग्रंथी’ असाही शब्द आहे. अष्ठीला म्हणजे गोल, घट्ट दगडासारखी गाठ. लघवी अडण्याच्या प्रकारांत आयुर्वेदात ‘वाताष्ठीला’ सांगितलेली आहे.

प्रश्न : नवरात्रात मी नऊ दिवस उपवास धरतो. संध्याकाळी एकदाच फराळ. टॅम्सुलोसिन रात्री जेवणानंतर घ्या असं सांगितलंय. मग सकाळी उपाशीपोटी घेऊ का? कॅप्सूल गिळताना अडकते, म्हणून फोडून दुधात घातली तर चालेल का? (वय ७१, कागल)

उत्तर : दोन्ही करू नका.

उपाशीपोटी घेतलं तर हे औषध सुमारे ३० टक्के जास्त शोषलं जातं, आणि रक्तातली त्याची सर्वांत वरची पातळी जेवणानंतरच्या मानानं ४० ते ७० टक्क्यांनी वर जाते. त्यातून रक्तदाब एकदम उतरतो. उपवासात पाणी आणि मीठ दोन्ही कमी जातं, म्हणजे रक्तदाब आधीच खाली असतो. त्यावर उपाशीपोटी ही कॅप्सूल घेऊन अंबाबाईच्या रांगेत तासभर उभं राहिलात, तर भोवळ येऊन पडायला वेळ लागणार नाही. तुमचा संध्याकाळचा फराळ, म्हणजे भगर आणि शेंगदाण्याची आमटी पोटभर, तेच त्या दिवसाचं जेवण धरा. त्यानंतर अर्ध्या तासानं कॅप्सूल घ्या. नऊही दिवस वेळ एकच ठेवा. ज्या दिवशी काहीच खाणार नसाल, त्या दिवसाचं आधी डॉक्टरांना विचारून घ्या.

कॅप्सूल फोडायची नाही. आत पांढुरके बारीक दाणे असतात. प्रत्येक दाण्यावर लेप असतो आणि तो दिवसभर हळूहळू औषध सोडतो. दाणे चावले किंवा खललं की लेप तुटतो आणि दिवसाचं औषध तासाभरात अंगात उतरतं. गिळायला त्रास होत असेल तर ताठ बसा, आधी दोन घोट पाणी प्या, कॅप्सूल जिभेवर ठेवा आणि हनुवटी थोडी छातीकडे घेऊन पाण्याबरोबर गिळा. मान मागे टाकली तर ती उलट जास्त अडकते. कॅप्सूल हलकी असते, पाण्यावर तरंगते, त्यामुळे मान पुढे झुकवली की ती आपसूक घशाकडे सरकते. ड्युटास्टेराइडची मऊ कॅप्सूल तर कधीच चावू नये. आतलं तेल तोंडाची आणि घशाची आग करतं.

सुरुवातीच्या आठवड्यात रात्री उठताना घाई करू नका. पाय खाली सोडून पलंगाच्या काठावर मिनिटभर बसा, दिवा लावा, मग उठा. लघवी बसूनच करा. पहाटे डेअरीला दूध घालायला जाणाऱ्यांनी झोपेतून उठून थेट किटली उचलू नये.

एखाद्या दिवशी विसरलात आणि त्याच दिवशी आठवलं, तर पुढच्या जेवणानंतर घ्या. दुसऱ्या दिवशी आठवलं तर कालची सोडून द्या, दोन एकदम नकोत. टेराझोसिन, डॉक्साझोसिन किंवा प्राझोसिन चालू असेल आणि चार-पाच दिवस खंड पडला, तर जुन्याच डोसनं पुन्हा सुरू करू नका. ही औषधं लहान डोसपासून, रात्री झोपताना सुरू करायची असतात. पहिल्याच गोळीनं बेशुद्ध पडण्याचा धोका यांत सर्वांत जास्त असतो.

सल्फाच्या औषधानं कधी अंगावर मोठी रिअॅक्शन आली असेल, तर टॅम्सुलोसिन सुरू करण्याआधी ते सांगा. याच्या रचनेतही सल्फाचा भाग आहे.

प्रश्न : ह्यांना सिलोडोसिन लिहून दिलंय. मेडिकलमधला मुलगा हसला, असं मला वाटलं. ही ‘तसली’ गोळी तर नाही ना? विचारायला लाज वाटते. (एक भगिनी, इचलकरंजी)

उत्तर : ताई, नाही. नावं सारखी ऐकू येतात म्हणून हा घोळ होतो. तुम्ही म्हणता ती सिल्डेनाफिल, म्हणजे व्हायग्रातलं औषध. शेपूट बघा : ‘ओसिन’ आणि ‘आफिल’. सिलोडोसिन हे टॅम्सुलोसिनचंच भावंड आहे. रोज ८ मिलिग्रॅम, जेवणासोबत. मूत्रपिंडाचं काम मध्यम प्रमाणात कमी असेल तर ४, फारच कमी असेल तर द्यायचंच नाही. म्हणून क्रिएटिनिनचा रिपोर्ट सोबत न्या. एक गोष्ट यजमानांना आधी सांगून ठेवा. या औषधानं संबंधाच्या वेळी वीर्य बाहेर न येणं बऱ्याच जणांना होतं, टॅम्सुलोसिनपेक्षा जास्त. ते अपायकारक नाही आणि औषध थांबवल्यावर पूर्ववत होतं. आधी माहीत नसलं की माणूस मनात कुढत बसतो.

आणि समजा ‘आफिल’ शेपटीचं औषध खरोखरच लिहून दिलं, तरी त्यात लाजण्यासारखं काही नाही. टाडालाफिल ५ मिलिग्रॅम रोज घ्यायला प्रोस्टेटसाठीही देतात. अमेरिकेत २०११ पासून त्याला तशी मान्यता आहे. लपवण्यात मात्र खरा धोका आहे. ‘ओसिन’ आणि ‘आफिल’ एकत्र आली की रक्तदाब जास्त उतरतो, डॉक्टरांना माहीत असेल तर ते डोस त्या बेतानं ठेवतात. छातीत दुखल्यावर जिभेखाली सॉर्बिट्रेट ठेवणाऱ्यांनी तर ‘आफिल’ घ्यायचंच नाही. दोन्ही एकत्र झाली तर रक्तदाब जीवघेणा कोसळतो. टाडालाफिल घेतल्यावर निदान ४८ तास सॉर्बिट्रेट चालत नाही. छातीत कळ आली आणि रुग्णालयात नेलं, तर पहिलं वाक्य हेच सांगा. मुलासमोर सांगायला संकोच वाटत असेल तर कागदावर लिहून द्या, पण सांगा.

प्रश्न : मोतीबिंदूच्या ऑपरेशनआधी डोळ्यांच्या डॉक्टरांनी विचारलं, लघवीची गोळी चालू आहे का. डोळ्याचा आणि लघवीचा काय संबंध? (जयसिंगपूर)

उत्तर : संबंध आहे, आणि डॉक्टरांनी योग्य तेच विचारलं. बुबुळाच्या पडद्यातही तसेच स्नायू असतात. टॅम्सुलोसिननं तो पडदा ढिला पडतो, ऑपरेशनच्या वेळी फडफडतो आणि बाहुली आकसते. हा प्रकार २००५ मध्ये ओळखला गेला. आधी कळलं तर शल्यविशारद तयारी करून बसतात. गोळी चार दिवस आधी बंद केल्यानं भागत नाही, वर्षापूर्वी बंद केली असेल तरी सांगा. मोतीबिंदूची तारीख जवळ असेल, तर ही गोळी नव्यानं सुरू करण्याआधी दोन्ही डॉक्टरांना एकमेकांची चिठ्ठी दाखवा.

प्रश्न : पावसाळ्यात जांघेत नायटा उठतो. त्याच्या कॅप्सूल प्रोस्टेटच्या गोळीबरोबर चालतात का? आणि सर्दीची गोळी घेतली की लघवी अडते, हा माझा भास आहे का? (पन्हाळा)

उत्तर : भास नाही. सर्दीच्या गोळीतलं फेनिलएफ्रिन किंवा स्यूडोएफेड्रिन पिशवीचं तोंड आवळतं, आणि क्लोरफेनिरामिन पिशवीचा जोर कमी करतं. मोठी प्रोस्टेट असलेल्या माणसाची एका रात्रीत लघवी पूर्ण अडून नळी घालायची वेळ येते, त्यामागे पुष्कळदा हीच दोन-तीन नावं असतात. पाकिटावर ती दिसली तर घेऊ नका. वाफ आणि मिठाच्या पाण्याच्या गुळण्या करा, ताप असेल तर साधी पॅरासिटामॉल घ्या.

नायट्यासाठी इट्राकोनाझोल दिलं असेल तर थांबा आणि विचारा. ते यकृतातला औषध मोडण्याचा मार्ग अडवतं, त्यामुळे ‘ओसिन’ अंगात साचत जातं. सिलोडोसिन आणि अल्फुझोसिनबरोबर तर ते वर्ज्यच आहे, टॅम्सुलोसिनबरोबरही देऊ नये असं सांगतात. त्वचेच्या डॉक्टरांना प्रोस्टेटच्या गोळीचं मूळ नाव सांगा. ते लावायचं मलम किंवा दुसरं औषध देऊ शकतात.

लघवी सहा-आठ तास अजिबात झाली नाही आणि ओटीपोट ताणून दुखतंय, लघवीतून रक्त जातंय, किंवा थंडी वाजून ताप आलाय, तर जास्तीची गोळी घेऊन वाट बघू नका. कोल्हापूरच्या सीपीआर (छत्रपती प्रमिलाराजे) रुग्णालयात किंवा जवळच्या रुग्णालयात रात्रीच जा.

प्रश्न : माझ्या ३२ वर्षांच्या मुलीला टॅम्सुलोसिन दिलंय. मोबाईलवर पाहिलं तर ‘पुरुषांच्या प्रोस्टेटसाठी’. डॉक्टर चुकले का? (गारगोटी)

उत्तर : बहुधा तिला मुतखडा असावा. तुमच्या पत्रात सोनोग्राफीचा उल्लेख आहे, तीत खडा किती मिलिमीटरचा आणि कुठं आहे ते बघा. मूत्रनलिकेच्या खालच्या टोकाला ५ ते १० मिलिमीटरचा खडा अडकला असेल, तर ती नळी सैल पडून खडा खाली उतरावा म्हणून काही आठवडे टॅम्सुलोसिन देतात. बाईच्या मूत्रनलिकेतही तसेच स्नायू असतात. पाकिटावर हा उपयोग छापलेला नसतो, पण युरॉलॉजिस्ट तो करतात. चक्कर येण्याबाबत वर जे लिहिलं आहे ते तिलाही लागू आहे, कॅप्सूल जेवणानंतरच द्या. गरोदर असेल किंवा तशी शंका असेल, तर आधी डॉक्टरांना सांगा. रोज लघवी चहाच्या जुन्या गाळणीतून किंवा पातळ सुती फडक्यातून गाळायला सांगा. खडा सापडला तर फेकू नका, कोरड्या डबीत ठेवून डॉक्टरांकडे न्या. तो कशाचा आहे ते तपासून पुढचं पथ्य ठरवता येतं.